उपशाची नोंदवही

सेरुमच्या मिठागरांत आदल्या दिवशीच कळतं.
दूध उतू जात नाही, काठाशी येऊन थबकतं.
कुत्री आपापल्या सावलीवर पोट दाबून बसतात,
हाकललं तरी उठत नाहीत.
म्हाताऱ्या बाया पोरांच्या अंगरख्यांच्या घेरात
लोखंडी खिळे शिवतात.
उपयोग शून्य. पण शिवतात.

मग भर दुपारी,
वारा नाही, चाहूल नाही,
दगडावरून ओलं कापड सोलावं
तशी प्रत्येकाची सावली टाचेपासून सुटते.
आधी माणसांची, मग खांबांची,
मग उकिरड्यावरच्या फुटक्या रांजणाचीसुद्धा.
वर जाते, आणि वर जाऊन
सायीसारखी आभाळाला धरते.

याला आम्ही उपसा म्हणतो.
दर एकोणीस वर्षांनी. कधी अठरा.

तीन दिवस गाव बिनसावलीचं.
आपण नेमके कुठे संपतो
ते पायांना कळेनासं होतं;
सगळे उंबऱ्याला ठेचकाळतात,
न्यायाधीश दारुखसुद्धा.

चौथ्या पहाटे ती कोसळते.
पाऊसच म्हणायचा, पण कोरडा,
दोरी तुटून वाळत घातलेले कपडे पडावेत तसा
मऊ, काळा, कुणाचाही कुणावर.

तिथून माझं काम सुरू.
मी नोंदकारकून. शुल्क एक मूठ मीठ.
लिहितो:
पिठवाल्या वेश्कवर बगळ्याची पडली,
आता तो पोती उचलतो तेव्हा भिंतीवर पंख उघडतात.
दारुखवर पडली ती कुणा भुरट्याची असावी,
दिव्याजवळ गेलं की खिशाकडे सरकते.
इल्मेन आणि तिची सवत, एकमेकींची.
दोघींनी परत करायला नकार दिला.
कारण विचारायची मला मुभा नाही.

बाकीच्यांनी सात दिवसांत यायचं,
ऐन माध्यान्ही टाचेला टाच लावून उभं राहायचं,
सावल्या नखाएवढ्या झाल्या
की बाजूला व्हायचं. बहुधा जमतं.
माझी मला मिळालीच नाही.
माझ्या पायाशी आहे ती कुणा डावखुऱ्याची.

सहाव्या दिवशी तहवेलकडे गेलो.
ती आली नव्हती, म्हणून.
अंगणात, चुलीच्या राखेपासून दोन पावलांवर,
एक सावली होती.
कुणाचीच नव्हे. म्हणजे, वर कुणी उभं नव्हतं.
कानटोपी. तिचा एक कान फाटलेला.

ओर्सिम. गेल्या थंडीत खारतळ्याचा बर्फ फुटला तेव्हा
गळ टाकून आठ दिवस शोधला होता.
तळातलंही उपसतं, हे
कुठल्याच जुन्या वहीत नाही.

"सकाळी तो दाराकडे असतो," ती म्हणाली,
"दुपारी तळहाताएवढा होतो, तेव्हा मी आत बसते,
बघवत नाही.
पण संध्याकाळी ये.
संध्याकाळी तो लांब होतो, त्या कुंपणापर्यंत,
बापापेक्षा उंच.
मी तिथेच भाकरी भाजते.
खांदे कसे रुंद झाले असते, दिसतं सगळं."

नियम मला पाठ आहे:
बेवारस सावली तीस दिवसांत
चुन्याच्या भट्टीत.
मी चटईवर बसलो. तिने पाणी दिलं,
खारट, सगळ्यांच्या घरी असतं तसंच.
ऊन कलायची वाट पाहिली.
तो कुंपण ओलांडून गेला तेव्हा
तिने भाकरी उलटायची विसरून करपवली.

वही उघडली. लिहिलं:
तहवेल, खालची आळी.
अंगणात जादा सावली एक. शेळीची.

"शेळी आहे कुठे माझ्याकडे?" तिने विचारलं.
"घे एक," मी म्हटलं.

उजव्या हाताने सही केली.
जमिनीवर माझ्या पायाशी
तो डावखुरा कोण कुठला,
त्याचा हात जरा वेळ वर थांबला,
मग त्यानेही
तेच लिहिलं.